उसन्या प्रतिमा आणि परवान्याची संहिता

साहित्यसमीक्षेत उद्धरण ही गोष्ट आपण इतकी गृहीत धरतो की तिच्यामागच्या शर्तींचा विचार करण्याची वेळच सहसा येत नाही. कादंबरीतला परिच्छेद अवतरणचिन्हांत घालावा, खाली पृष्ठक्रमांक द्यावा, की मूळ लेखकाचे ऋण फिटले असे आपण मानतो. रोलां बार्थ आणि ज्युलिया क्रिस्तेवा यांच्यानंतर या सवयीला तात्त्विक प्रतिष्ठाही मिळाली. कोणतीही संहिता इतर संहितांच्या धाग्यांनीच विणलेली असते, तेव्हा उसनवारी हा लेखनाचा अपवाद नसून स्वभाव आहे, ही भूमिका आता आपल्या विद्यापीठांच्या प्रश्नपत्रिकांपर्यंत पोचली आहे. वाल्टर बेन्यामिनने तर केवळ अवतरणांचा बनलेला ग्रंथ रचण्याची आकांक्षा बाळगली होती. या साऱ्या विवेचनात एक गोष्ट अध्याहृत असते. शब्द उचलायला पैसे पडत नाहीत.

जुन्या चित्रणाच्या आधारे उभ्या राहणाऱ्या अनुबोधपटाकडे वळलो की हे अध्याहृत एकदम उघडे पडते. तेथे अवतरणचिन्हांची जागा करारपत्र घेते. निर्मात्याला १९३० च्या सुमारास निघालेल्या एखाद्या मिरवणुकीचे वीस सेकंदांचे चित्रण हवे असेल, तर ते कोणत्या संग्रहात आहे हे आधी शोधावे लागते. असा शोध घेऊन देणाऱ्या संशोधकांचा स्वतंत्र व्यवसायच आहे. संग्रहाकडून प्रथम पाहणीची प्रत मिळते. ती परस्पर वापरली जाऊ नये म्हणून तिच्यावर संस्थेची मुद्रा उमटवलेली असते आणि चौकटीच्या कडेला वेळेचे आकडे सतत पळत असतात. संकलन पुरे झाले की नेमके किती सेकंद घेतले हे मोजले जाते, आणि मग कोणत्या देशांत, कोणत्या माध्यमांतून व किती वर्षे दाखवणार या प्रश्नांच्या उत्तरांवर मोल ठरते. केवळ महोत्सवांपुरता परवाना स्वस्त पडतो; सर्व देश, सर्व माध्यमे आणि कायमची मुदत असा परवाना सर्वांत महाग. अनेक ठिकाणी किमान आकारणी असते, म्हणजे चार सेकंद घेतले तरी अर्ध्या किंवा पूर्ण मिनिटाचे पैसे भरावे लागतात. शिवाय संग्रहसंस्था सहसा हमी देते ती फक्त स्वतःच्या हक्काची. त्या चित्रणात ऐकू येणारे गाणे, केलेले भाषण, दिसणारा चेहरा यांचे हक्क ज्याचे त्याने सोडवून घ्यायचे असतात.

हा सारा निर्मितिव्यवस्थापकाच्या टेबलावरचा मामला आहे, समीक्षकाचा त्याच्याशी काय संबंध, असा आक्षेप येईल. प्रस्तुत लेखाचे म्हणणे असे की संबंध आहे, आणि तो पार्श्वभूमीचा नसून रूपाचा आहे. अशा अनुबोधपटात कोणते दृश्य येते, किती वेळ टिकते, कोणत्या आवाजासह येते, आणि मुळात ती कृती प्रेक्षकाला किती वर्षे उपलब्ध राहते, हे दिग्दर्शकाइतकेच परवानाही ठरवीत असतो. देरिदाने १९९५ च्या पुस्तकात ‘आर्काइव्ह’ या शब्दाची व्युत्पत्ती उकलताना आपल्याला ग्रीक ‘आर्खेइऑन’पर्यंत, म्हणजे कागदपत्रे राखणाऱ्या सत्ताधीशांच्या निवासस्थानापर्यंत नेले. त्या घराच्या पहाऱ्यावर आणि तेथील कागदांचा अर्थ लावण्याच्या अधिकारावर त्याने विलक्षण बारकाईने लिहिले. दारावर लावलेल्या दरपत्रकावर मात्र त्याची नजर स्थिरावली नाही.

हा प्रश्न नवा नाही. सोव्हिएत संकलक एस्फिर शुब हिने १९२७ मध्ये ‘रोमानोव्ह राजवंशाचे पतन’ हा चित्रपट रचला, तो मुख्यतः इतरांनी घेतलेल्या जुन्या चित्रणातून. झारच्या खाजगी चित्रणासह सुमारे साठ हजार मीटर फीत तिने तपासली आणि तिच्यातून एक सलग युक्तिवाद उभा केला. जे चित्रण राजघराण्याच्या कौतुकासाठी झाले होते तेच त्याच्या विरोधात साक्ष देऊ लागले. परंतु हा चित्रपट तिने ‘लिहिला’ असे मानून तिला लेखकाचा हक्क द्यायला सोव्किनो ही सरकारी संस्था तयार झाली नाही. फिती जोडणे म्हणजे लेखन नव्हे, ही संस्थेची धारणा, आणि तिच्याविरुद्ध मायकोव्हस्कीने जाहीर आवाज उठवला. म्हणजे या प्रकाराच्या आरंभीच कर्तृत्वाचा प्रश्न सौंदर्यशास्त्राच्या आधी हिशेबाच्या वहीत उपस्थित झाला. जे लेडाने १९६४ मध्ये अशा चित्रपटांवर स्वतंत्र पुस्तक लिहिले. मराठीत तेवढ्या विस्ताराने या प्रकाराचा विचार झाल्याचे दिसत नाही, आणि चित्रपटावर लिहिणाऱ्या आपल्या समीक्षकांचे प्रेम कथापटावरच अधिक आहे, हे यानिमित्ताने नोंदवायला हरकत नाही.

परवाना कृतीच्या रूपात कसा शिरतो याचे सर्वांत बोलके उदाहरण अमेरिकेतले आहे. हेन्री हॅम्प्टन यांच्या ‘ब्लॅकसाइड’ या बॉस्टनच्या संस्थेने ‘आइज ऑन द प्राइज’ ही अनुबोधमालिका काढली. पहिले सहा भाग १९८७ मध्ये आणि पुढचे आठ १९९० मध्ये तेथील सार्वजनिक दूरचित्रवाणीवर दाखवले गेले. कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्कांच्या लढ्याचा १९५४ पासूनचा इतिहास तिच्यात आहे. हॅम्प्टन यांनी स्वतःवर एक कडक बंधन घालून घेतले होते: इतिहासाचे तज्ज्ञ पडद्यावर आणायचे नाहीत, बोलायचे ते फक्त लढ्यात असलेल्यांनी आणि तो प्रत्यक्ष पाहिलेल्यांनी. त्यामुळे मालिकेचे मूलभूत घटक दोनच राहतात, वयाने वाढलेल्या माणसाची आजची साक्ष आणि त्या काळातले चित्रण. कधी तीच व्यक्ती आधी पांढऱ्या केसांची दिसते आणि पुढच्याच क्षणी पंचवीस वर्षांपूर्वीच्या धूसर कृष्णधवल चौकटीत, जमावाच्या कडेला, तरुण. येथे जुने चित्रण दृष्टान्तासाठी आलेले नाही. तो साक्षीचाच अर्धा भाग आहे. ते काढून टाकले तर उरलेला अर्धा भाग आठवण म्हणून शिल्लक राहील, पण पुरावा म्हणून कोसळेल.

आणि नेमके तेच काढून घेण्याची वेळ आली. कायमचे परवाने घेण्याइतके पैसे नसल्याने ते ठराविक वर्षांचे घेतले गेले होते. १९९० च्या दशकाच्या मध्यापासून मुदती संपू लागल्या. अनेक संग्रहसंस्था, छायाचित्रकार आणि गीतांचे हक्कदार यांच्याशी झालेले करार एकेक करून विझले, आणि मालिकेचे पुनःप्रक्षेपण किंवा नव्या माध्यमात प्रकाशन अशक्य झाले. ग्रंथालयांतल्या झिजत चाललेल्या चित्रफिती तेवढ्या उरल्या. हॅम्प्टन १९९८ मध्ये वारले. २००५ मध्ये काही कार्यकर्त्यांनी विनापरवाना प्रतींचे जाहीर प्रयोग करण्याची हाक दिली. अखेर फोर्ड प्रतिष्ठानाचे सहा लाख डॉलर आणि रिचर्ड गिल्डर यांचे अडीच लाख डॉलर अशा देणग्यांतून हक्क पुन्हा मिळवले गेले, तेव्हा २००६ मध्ये पहिला भाग परत पडद्यावर आला. एखादी कादंबरी तिच्यातील अवतरणांची मुदत संपली म्हणून बाजारातून आणि अभ्यासक्रमातून दहा वर्षे नाहीशी झाली, अशी कल्पना करून पाहावी.

यातला खरा पेच मात्र मुदतीचा नाही. १९६३ मध्ये बर्मिंगहॅममध्ये पोलिसांनी सोडलेले कुत्रे आणि पाण्याचे झोत अंगावर घेणाऱ्यांना समोर कॅमेरे आहेत हे ठाऊक होते. कॅमेऱ्यासमोर उभे राहणे हा लढ्याच्या डावपेचाचाच भाग होता. त्या प्रतिमा त्यांनी आपल्या देहाने घडवल्या. त्यांची मालकी मात्र कॅमेरा धरणाऱ्या वृत्तसंस्थेकडे गेली, आणि त्या लढ्याची कहाणी सांगू पाहणाऱ्याला त्या विकत घ्याव्या लागल्या. कायद्याच्या दृष्टीने यात काहीही वावगे नाही. समीक्षेला मात्र येथे ‘कर्ता कोण’ हा प्रश्न शुबच्या वेळेपेक्षा अधिक तीव्रतेने विचारावा लागतो.

मार्टिन ल्यूथर किंग यांच्या २८ ऑगस्ट १९६३ च्या वॉशिंग्टन येथील भाषणाच्या बाबतीत गुंता आणखी वाढतो. सीबीएस या दूरचित्रवाणी संस्थेने ते भाषण स्वतःच्या कॅमेऱ्यांनी टिपले होते. तिने ते पुढे एका कार्यक्रमात वापरले, तेव्हा किंग यांच्या वारसांनी दावा केला. लाखो लोकांसमोर केलेले भाषण म्हणजे हक्क सोडून दिलेले प्रकाशन नव्हे, असे १९९९ मध्ये अपील न्यायालयाने म्हटले आणि पुढच्या वर्षी तडजोड झाली. म्हणजे एकाच चौकटीत प्रतिमा एकाची, शब्द दुसऱ्याचे. वारसांवर लोभाचा आरोप करणे सोपे आहे. पण १९६३ मध्ये अनधिकृत ध्वनिमुद्रिका विकणाऱ्यांविरुद्ध स्वतः किंगच न्यायालयात गेले होते, हे विसरून चालणार नाही. परक्यांनी आपल्या शब्दांवर धंदा करावा हे त्यांना मान्य नव्हते. या हक्कांचा वाङ्मयीन परिणाम मात्र विलक्षण झाला. २०१४ च्या ‘सेल्मा’ या कथापटाच्या वेळी किंग यांच्या भाषणांचे चित्रपटविषयक हक्क दुसऱ्या निर्मितिसंस्थेकडे होते, म्हणून दिग्दर्शिका एव्हा ड्यूव्हर्ने यांनी ती भाषणे नव्याने लिहिली. लय किंग यांची, युक्तिवाद किंग यांचा, शब्द मात्र एकही त्यांचा नाही. विडंबन आणि अनुकरण यांच्या आपल्या व्याख्यांत हा प्रकार कोठे बसवावा? येथे शैलीचे अनुकरण गौरवासाठी नाही आणि उपहासासाठीही नाही. ते परवान्याच्या अभावी आहे.

आपल्याकडे प्रश्न वेगळ्या वाटेने येतो, कारण आपल्या राष्ट्रीय इतिहासातील अत्यंत महत्त्वाच्या दिवशी कॅमेरा बहुतांशी दुसऱ्याच्या हाती होता. युद्धप्रचारासाठी १९४३ मध्ये उभारलेली ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’ ही सरकारी संस्था १९४६ मध्ये बंद पडली आणि ‘फिल्म्स डिव्हिजन’ स्थापन झाले ते १९४८ मध्ये. मधल्या पोकळीत सत्तांतर झाले, फाळणी झाली, आणि भारत सरकारचे स्वतःचे चित्रपथक तेव्हा अस्तित्वात नव्हते. जे काही टिपले गेले ते खाजगी चित्रकारांनी आणि परदेशी वार्तापटांच्या प्रतिनिधींनी. आज पन्नासावे, साठावे, पंचाहत्तरावे वर्ष असा कोणताही प्रसंग आला की त्या मध्यरात्रीच्या आणि त्या आगगाड्यांच्या प्रतिमांसाठी आपल्याला बहुधा ब्रिटिश वार्तापटांच्या संग्रहांकडेच जावे लागते. ‘ब्रिटिश पाथे’ने २०१४ मध्ये आपले सुमारे ८५,००० चित्रपट यूट्यूबवर पाहण्यासाठी खुले केले, त्याचे स्वागत झाले आणि ते योग्यच होते. परंतु पाहणे मोफत झाले, उद्धृत करणे नव्हे.

या व्यवस्थेचा पहिला परिणाम म्हणजे पुनरावृत्ती. सूचीत ज्याची नोंद आहे, ज्याची चांगली प्रत तयार आहे आणि ज्याचा हक्क स्पष्ट आहे, तेच दृश्य पुन्हा पुन्हा घेतले जाते. टपांवर माणसे बसलेली आगगाडी आपण इतक्यांदा पाहिली आहे की ती आता कोणत्या स्थानकावरची, कोणत्या दिवसाची, हे विचारण्याची इच्छाच उरलेली नाही. विशिष्टाचे चिन्ह होते आणि चिन्हाचा अलंकार होतो. रूढ उपमेच्या बाबतीत आपले काव्यशास्त्र हेच सांगत आले आहे. पंजाबचे चित्रण फाळणी या शब्दाचाच पर्याय बनले. बंगालमधले स्थलांतर वर्षानुवर्षे, हप्त्याहप्त्याने होत राहिले. वार्तापटाला लागतो तसा ‘प्रसंग’ त्यात क्वचितच होता. म्हणून ते संग्रहातही कमी, आणि संग्रहात कमी म्हणून राष्ट्रीय स्मृतीतही कमी.

दुसरा परिणाम अधिक सूक्ष्म आहे आणि माझ्या मते अधिक गंभीर. त्या काळचा वार्तापट म्हणजे केवळ चित्र नव्हते. दूरच्या देशांतून येणारी फीत बहुधा मूक असे. निवेदन, संगीत, पुष्कळदा गर्दीचा गलबलाही लंडनच्या ध्वनिगृहात चढवला जाई. त्या निवेदनाचा एक ठाम, खेळकर, सारे काही समजल्याचा स्वर होता, आणि साम्राज्याची विचारसरणी सर्वांत उघडपणे त्या स्वरातच वावरत होती. आजचा निर्माता चित्र घेतो आणि निवेदन टाकून देतो. त्या जागी सारंगी येते, आलाप येतो, नाहीतर आपल्या एखाद्या अभिनेत्याचा धीरगंभीर आवाज. प्रेक्षकाला वाटते, हा आपला इतिहास आपण आपल्या आवाजात ऐकतो आहोत. पण कॅमेरा कोठे उभा होता, व्हाइसरॉयच्या बग्गीजवळ की गर्दीत. कोणाचा चेहरा जवळून घेतला आणि कोणाला केवळ समूह म्हणून टिपले. एखाद्या मृतदेहावर तो किती वेळ रेंगाळला, हे सारे जसेच्या तसे राहते. दृष्टी तीच, फक्त तिची कबुली देणारा आवाज गेलेला. वासाहतिक निवेदन पुसल्याने चित्रण निर्वसाहतीकृत होत नाही. उलट ते निरागस भासू लागते. जुन्या ग्रंथातला उतारा देताना त्यातली पूर्वग्रहाची विशेषणे गाळून उरलेले वाक्य प्रमाण म्हणून छापावे, असा हा प्रकार आहे. शोधनिबंधात तो आपण खपवून घेणार नाही. पडद्यावर मात्र रोज खपतो.

मग सरकारी किंवा जुने भारतीय चित्रण तरी मोकळे आहे काय? कायदा वाचला तर उत्तर होकारार्थी आहे. १९५७ च्या स्वामित्वहक्क अधिनियमानुसार, १९९२ च्या दुरुस्तीनंतर, चित्रपटावरील हक्क प्रकाशनानंतरच्या साठ वर्षांनी संपतो. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले. त्या वर्षी प्रकाशित झालेल्या कोणत्याही भारतीय वार्तापटावरील हक्क २०२० अखेर संपला. परंतु हक्क संपला म्हणून फीत हाती येत नाही. ती तिजोरीत असते, तिजोरी संस्थेची असते, आणि प्रत काढून देण्याचे शुल्क व अटी संस्था ठरवते. स्वामित्वहक्काची जागा करार घेतो. पुस्तकाचे असे होत नाही, कारण त्याच्या हजार प्रती हजार घरांत विखुरलेल्या असतात. एकमेव मूळ प्रत आणि तिचा एकमेव राखणदार, ही मुद्रणपूर्व पोथीच्या काळातली स्थिती चित्रपटाने विसाव्या शतकात पुन्हा निर्माण केली. ‘फिल्म्स डिव्हिजन’ आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय यांचे २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीनीकरण झाले, तेव्हा संस्थांच्या भवितव्याची चर्चा पुष्कळ झाली. हक्क संपलेले चित्रण अभ्यासकाला आणि लहान निर्मात्याला कोणत्या अटींवर मिळेल, हा प्रश्न तिच्यात मागेच राहिला.

राखणाऱ्याला खर्च असतो, हे नाकारण्याचे कारण नाही. नायट्रेटची फीत पेट घेते. २००३ च्या जानेवारीत पुण्यात लागलेल्या आगीने ते आपल्याला दाखवून दिले. शीतगृह, दुरुस्ती, सूची यांना पैसा लागतो आणि तो कोठून तरी यावाच लागतो. माझा विरोध शुल्काला नाही. शुल्काने घडवलेल्या निवडीला सौंदर्यदृष्टीची निवड समजून तिच्यावर पाने भरणाऱ्या समीक्षेला आहे. अनुबोधपटाच्या शेवटी वेगाने सरकत जाणारी संग्रहसंस्थांची नामावली ही त्या कृतीची संदर्भसूचीच होय, आणि ती वाचायची सवय आपण लावून घ्यायला हवी. पाठभेद देताना तो कोणाच्या स्मरणातला आहे हेही नोंदवण्याची शिस्त महानुभावांच्या लीळाचरित्राच्या परंपरेत सातशे वर्षांपूर्वी होती. मराठीच्या अभ्यासकाला ही गोष्ट परकी वाटू नये.

परवान्याच्या या बाजाराबाहेर उभे राहणारे जुने चित्रणही असते. आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) या संदर्भात पाहावा. ११ जुलै १९९७ रोजी मुंबईतील रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मरण पावले. त्यानंतर चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. चित्रपटात घोगरे गाताना दिसतात ते पटवर्धन यांच्याच १९८५ च्या ‘हमारा शहर’मधील चित्रणात. येथे कोणाकडून काही विकत घ्यावे लागले नाही. दिग्दर्शक स्वतःलाच उद्धृत करतो आहे, आणि तरीही उद्धरणाचे ऋण येथे कमी होत नाही, ते वाढते. ‘हमारा शहर’मध्ये घोगरे झोपडपट्टीतल्या माणसांची कहाणी सांगणारे गायक होते, नव्या चित्रपटात तेच चित्रण त्यांच्या स्वतःच्या कहाणीचा आरंभ होते. एकही चौकट बदललेली नाही, आणि अर्थ पूर्णपणे बदलला आहे.

भारतीय कायद्याच्या व्याख्येत चित्रपटाचा ‘लेखक’ म्हणजे निर्माता. प्रयोगकर्त्या कलावंताचा वेगळा हक्क आपल्याकडे १९९४ च्या दुरुस्तीने आला, म्हणजे घोगरे कॅमेऱ्यासमोर गायले त्यानंतर नऊ वर्षांनी. पटवर्धन यांनी चौदा वर्षे हा चित्रपट घडवला, त्यातला बराच काळ ते मृत्यूनंतरच्या त्या वस्त्यांत, जलशांत आणि शाहिरांच्या नव्या पिढीबरोबर होते. १९८५ मधले ते गाणे तेथे पुन्हा नेऊन पोचवण्याचे काम परवान्यावाचून झाले.